क्रिओल म्हणजे मिश्र रक्ताचा नव्हे

प्रश्न असा आहे: “हैतीच्या स्वातंत्र्यलढ्याचा नायक तुसँ लुव्हेर्त्यूर हा ‘क्रिओल’ होता असं वाचलं. म्हणजे त्याचे आई-वडील वेगवेगळ्या वंशांचे होते का? आणि लुव्हेर्त्यूर हे आडनाव त्याला वडिलांकडून आलं का?”

नाही, मुळीच नव्हते. क्रिओल म्हणजे संकरित, हा समज इतक्या ठिकाणी आणि इतक्या ठामपणे मांडला जातो की आता संताप येतो. परवा एका व्याख्यानात तर वक्त्यांनी तुसँला सरळ ‘अर्धा फ्रेंच’ करून टाकलं आणि सभागृहात कोणी हूं की चूं केलं नाही.

तुसँचा जन्म 1743 च्या सुमारास सँ-दोमँग या फ्रेंच वसाहतीत, म्हणजे आजच्या हैतीत झाला. वसाहतीच्या उत्तरेला काप-फ्रान्से शहर होतं, त्याच्याजवळच्या ब्रेदा मळ्यावर. वडील पश्चिम आफ्रिकेतल्या अलादा राज्यातले, म्हणजे आजच्या बेनिनमधले. ते राजघराण्यातले होते असं तुसँचा मुलगा इझाक याने लिहून ठेवलं आहे. मळ्यावर बाप्तिस्मा झाल्यावर ते इपोलित झाले. आई पोलिन, तीही त्याच मुलखातली. घरात अलादाकडची भाषा, घराबाहेर मळ्यावरची क्रिओल, अशा दोन भाषांत हे काटकुळं पोर वाढलं, गुरं-घोडी सांभाळायला लागलं आणि पुढे व्यवस्थापकाचा गाडीवान झालं.

आता शब्द बघा. आफ्रिकेतून जहाजात घालून आणलेला गुलाम तो ‘बोसाल’ आणि बेटावर जन्मलेला तो ‘क्रिओल’. म्हणजे एकाच झोपडीत बाप बोसाल आणि मुलगा क्रिओल. रक्त तेच, जन्मस्थान वेगळं. नेपोलियनची बायको जोसेफिन मार्टिनिक बेटावर जन्मलेली गोरी बाई, तीही क्रिओलच. हैतीत गावठी डुकरालासुद्धा ‘कोशों क्रेयोल’ म्हणतात. मिश्र वंशाच्या माणसांसाठी ‘म्युलात्र’ हा वेगळा शब्द तिथे होता. तो असताना हे काम क्रिओलच्या गळ्यात का घालायचं?

व्युत्पत्तीत तर संकराचा मागमूसही नाही. लॅटिन ‘क्रेआरे’ म्हणजे निर्माण करणे. त्यावरून पोर्तुगीज ‘क्रिआर’ म्हणजे वाढवणे, पोसणे. ‘क्रिआदो’ म्हणजे पोसलेला, म्हणून नोकर, आणि ‘क्रिओलो’ म्हणजे घरात जन्मून वाढलेला. हे कळलं तेव्हा मला थेट मनुस्मृतीचा आठवा अध्याय आठवला. तिथे दासांचे सात प्रकार दिले आहेत, त्यांत ‘गृहज’ आणि ‘क्रीत’ शेजारी-शेजारी आहेत. नारदस्मृतीची पंधरा दासांची यादी तर ‘गृहजात’पासूनच सुरू होते आणि लगेच ‘क्रीत’ येतो. घरात जन्मलेला आणि विकत आणलेला! क्रिओल आणि बोसाल यांना याहून चपखल प्रतिशब्द मला कुठेच सापडलेले नाहीत.

आणि खरी गंमत पुढेच आहे. घरी जन्मलेल्या गुलामाला लॅटिनमध्ये ‘वेर्ना’ म्हणत. त्यावरून ‘वेर्नाकुलुस’, म्हणजे घरचं, देशी. त्यावरून इंग्रजी ‘व्हर्नाक्युलर’. आपल्या आजोबांच्या पिढीने सातवीला जी ‘व्हर्नाक्युलर फायनल’ दिली, तिच्या नावात रोमन घरातलं ते गुलाम पोर बसलेलं आहे. म्हणजे क्रिओल आणि व्हर्नाक्युलर हे शब्द अर्थाच्या नात्याने सख्खी भावंडं. दोघांनीही घरच्या गुलामापासून सुरुवात केली आणि दोघेही शेवटी भाषेचं नाव झाले. हा योगायोग आहे असं मला वाटत नाही. मालकाची भाषा ग्रंथांत राहते, घरातली भाषा घरात जन्मलेल्यांच्या तोंडी वाढते. रोमचं आणि कॅरिबियनचं इथे एकच म्हणणं आहे.

म्हणूनच क्रिओलला ‘मिश्रभाषा’ किंवा ‘संकरभाषा’ म्हणणाऱ्यांशी माझं भांडण आहे. व्यापारापुरती जुळवलेली, कोणाचीच मातृभाषा नसलेली ती पिजिन. तीच घरात मुलांची मातृभाषा झाली की क्रिओल. इथेही कसोटी घरात जन्मून वाढण्याचीच आहे. मिसळ तर इंग्रजीत काय कमी आहे, आणि फारसी-अरबी शब्द पचवलेल्या आपल्या मराठीत तरी? त्यांना कोणी संकरभाषा म्हणत नाही. रेवदंड्याच्या खाडीपलीकडे कोर्लईत आजही पोर्तुगीज वळणाची क्रिओल बोलतात. पोर्तुगीजांनी 1740 मध्ये चौल सोडलं, भाषा मात्र घराघरांत राहिली. बोलणारे तिला ‘नो लिंग’ म्हणतात, म्हणजे ‘आपली भाषा’. क्रिओल भाषेसाठी ‘गृहजा’ हा शब्द मी सुचवतो आणि त्यावर ठाम आहे.

एक जुना साक्षीदारही आहे. पेरूतल्या कुस्कोत जन्मलेल्या गार्सिलासो या इतिहासकाराने 1609 मध्ये लिहिलं की ‘क्रिओयो’ हा शब्द कृष्णवर्णीयांनी बनवला, अमेरिकेत जन्मलेल्या आपल्या मुलांना आफ्रिकेत जन्मलेल्यांपासून वेगळं ओळखण्यासाठी. व्युत्पत्तीचे पंडित पोर्तुगीज धातू दाखवून त्याचं म्हणणं बाजूला सारतात. मला हे पटत नाही. धातू पोर्तुगीज असेलही, पण शब्दाची गरज ज्यांना होती त्यांनीच त्याला अर्थ दिला. ‘माझं पोर इथलं आहे’ हे सांगायची निकड मळ्याच्या मालकाला नव्हती, इपोलित आणि पोलिनसारख्या आई-बापांना होती.

आडनाव राहिलंच. ते वडिलांकडून आलेलं नाही. आधी तो मळ्याच्या नावाने तुसँ ब्रेदा म्हणून ओळखला जाई. 1776 पर्यंत तो गुलामीतून मुक्त झालेला होता. 29 ऑगस्ट 1793 च्या त्याच्या प्रसिद्ध जाहीरनाम्यात मात्र लुव्हेर्त्यूर हेच नाव आहे. फ्रेंचमध्ये अर्थ ‘उघडणं, वाट मोकळी होणं’. शत्रूच्या फळीत वाट पाडतो म्हणून, की पुढच्या दातांतल्या फटीमुळे, यावर मतभेद आहेत. सही करताना तो L’Ouverture असं मध्ये लोपचिन्ह (’) घालत नसे. तेव्हा मराठीतही ‘ल’ तोडू नका, सलग लुव्हेर्त्यूर लिहा.