विरोधाभास, पेच की कोडं?

तत्त्वज्ञानातल्या जुन्या कोड्यांवर लेखमाला लिहिणाऱ्या गिरगावच्या एका वाचकाने विचारलंय: झेनोचं कासव, 'मी खोटं बोलतोय' म्हणणारा माणूस आणि थीसियसचं जहाज, या तिन्हींना सरसकट 'विरोधाभास' म्हटलं तर चालेल का? आणि डोक्यातल्या डोक्यात करायचे ते 'वैचारिक प्रयोग' की 'विचारप्रयोग'?

सरसकट नको. विरोधाभास हा मुळात अलंकारशास्त्रातला शब्द. विरोध दिसतो, पण नीट पाहिलं की मिटतो. हे मिटणं महत्त्वाचं आणि नेमकं तेच आपण विसरलोय. जुलैत हिंदमाताला गुडघाभर पाणी आणि नळाला मात्र पाणीकपात, हा अस्सल विरोधाभास. परळला कोसळलेला पाऊस काही तानसा-वैतरणाच्या तलावांत जात नाही. एवढं ध्यानात आलं की विरोध संपला. उलट टॉवरच्या कुंपणाला लागून झोपड्या दिसल्या की 'मुंबईतला विरोधाभास' असा मथळा येतो. तिथे आभास कसला? दोन्ही खरं, दोन्ही डोळ्यांसमोर. ती विषमता, फार तर विसंगती.

आता कासव. प्राचीन ग्रीक तत्त्वज्ञ झेनोच्या कोड्यात चपळ योद्धा अकिलीस आधी पुढे निघालेल्या कासवाचा पाठलाग करतो. तो कासवाच्या जागी पोचेतो ते थोडं पुढे सरकलेलं, तिथे पोचेतो आणखी थोडं, म्हणजे तो त्याला कधीच गाठणार नाही. प्रत्यक्षात तर गाठतो. अनंत तुकड्यांची बेरीजही सांत, म्हणजे मर्यादित असू शकते हे गणिताने दाखवलं आणि बहुतेकांच्या लेखी विरोध मिटला. (काही तत्त्वज्ञ अजून भांडतात, भांडोत.) इथे विरोधाभास चपखल.

खोटं बोलणाऱ्याचं तसं नाही. त्याचं वाक्य खरं मानलं तर खोटं ठरतं, खोटं मानलं तर खरं. इथे बरेच जण 'वदतोव्याघात' सुचवतात. शब्द झकास, पण तो 'मी आजन्म मौनी आहे' असं तोंडाने सांगणाऱ्यासाठी. ते वाक्य सरळ खोटं, विषय संपला. 'मी खोटं बोलतोय' हे खोटं ठरवूनही सुटका होत नाही. व्याकरणकार भर्तृहरीने 'वाक्यपदीय' या आपल्या ग्रंथात याच्या अगदी जवळचं वाक्य घेतलंय: 'सर्वं मिथ्या ब्रवीमि', मी सगळं खोटंच बोलतो. त्याचं म्हणणं, असं बोलणारा आपलं हे वाक्य त्या 'सगळ्यां'त धरतच नसतो, नाहीतर त्याला जे सांगायचंय तेच पोचणार नाही. मला हे उत्तर आवडतं, पण त्याने सगळ्यांचं समाधान होत नाही. म्हणून मी 'लबाडाचा पेच' म्हणेन. पेच सुटेलच अशी हमी त्या शब्दात नाही.

जहाजाला साधं 'कोडं' पुरे. एकेक फळी बदलत सगळ्या बदलल्या, तर जहाज तेच का? ही ग्रीक वीर थीसियसच्या जहाजाबद्दल ग्रीक लेखक प्लुटार्कने सांगितलेली गोष्ट. सतराव्या शतकात इंग्रज तत्त्वज्ञ हॉब्जने काढलेल्या फळ्यांचं दुसरं जहाज उभं करून गुंता वाढवला. अडतंय ते 'तेच' कशाला म्हणायचं यावर. ससून डॉकवर एखाद्या होडीवाल्याला विचारलंत तर तो होडीवरचा नंबर दाखवून मोकळा होईल.

राहिला प्रयोग. 'वैचारिक प्रयोग' निदान मुंबईत तरी टाळा. दादरला 'प्रयोग आहे' म्हटलं की लोक किती वाजता ते विचारतात, आणि तिथल्या छबिलदास शाळेत प्रायोगिक नाटकं पाहिलेल्यांना तर 'वैचारिक प्रयोग' म्हणजे मोजक्या प्रेक्षकांपुढचं गंभीर नाटकच वाटेल. 'विचारप्रयोग' म्हणजे विचारानेच केलेला प्रयोग, सुटसुटीत. 'काल्पनिक प्रयोग'ही नको. भौतिकशास्त्रज्ञ श्रोडिंगरने १९३५ साली मांजराला खोक्यात बसवलं ते फक्त कागदावर, पण पुंजवादाचं (क्वांटम सिद्धांताचं) गणित रोजच्या वस्तूंना जसंच्या तसं लावलं तर काय विचित्र निष्कर्ष निघतो (मांजर एकाच वेळी जिवंतही आणि मेलेलंही), हे त्याला गंभीरपणे दाखवायचं होतं. 'काल्पनिक' म्हटलं की तो युक्तिवादच मनचा वाटायला लागतो.