तुझ्या विश्वातले काळ

चि.,
अनेक आशीर्वाद.

तुझी वही वाचली. दोन वसाहती, मधलं अंतर कापायला प्रकाशालाही चार तास लागतात, आणि त्या लोकांच्या भाषेसाठी तू आखलेला अठरा काळांचा तक्ता. विश्व मला फार आवडलं. तक्ता मात्र बाजूला ठेव, हे सांगायलाच बसलो आहे.

तक्त्यात तू काय काय बोलता येईल ते मांडलं आहेस. बोलता तर कुठल्याही भाषेत काहीही येतं. व्याकरण ठरतं ते जे सांगितल्यावाचून सुटका नाही त्यावरून. पाणिनीच्या संस्कृतात भूतकाळाची तीन रूपं आहेत: सर्वसाधारण भूतासाठी लुङ्, आजचं नसेल तर लङ्, आणि तेही बोलणाऱ्याच्या नजरेआड घडलेलं असेल तर लिट्. क्रियापद तोंडातून निघण्याआधीच 'हे आजचं का? मी पाहिलं का?' याची उत्तरं द्यावी लागतात. (पुढच्या साहित्यात हे भेद पुसट झाले, तेही लक्षात ठेव.) तुर्कीतही पाहिलेल्या आणि ऐकीव गोष्टींना वेगळे प्रत्यय लागतात. तुझ्या लोकांना कोणता प्रश्न टाळता येत नाही, तेवढा एक शोध.

मला वाटतं तो त्या चार तासांतच आहे. पलीकडून निरोप येतो: आई आजारी आहे. हे 'आहे' इकडच्या मुलाला उच्चारता येता कामा नये. निरोप निघाला तेव्हा ती आजारी होती. आत्ता बरी असेल, नसेलही. म्हणून एक रूप 'इथलं', डोळ्यांसमोरचं. एक 'पोचलेलं', जे खरं आहे पण चार तासांपूर्वीचं. आणि एक 'तिथलं आत्ता', ज्याबद्दल फक्त अंदाज करता येतो. एवढी तीन रूपं पुरेत, आणि बघ त्यातून काय काय निघतं. मुलगा धाकट्या बहिणीची समजूत काढताना आईबद्दल 'इथलं' रूप वापरतो, जणू ती शेजारच्या खोलीत आहे. व्याकरणाच्या दृष्टीनं ती चूक आहे, पण घरातलं कुणी ती सुधारत नाही. पुढे आई गेल्याचा निरोप आला, तर तिची तिथी कुठल्या वसाहतीच्या वेळेनं धरायची यावरून भावंडांत वाद होतील. तुझी अख्खी कथा या एका प्रत्ययात आहे.

हे अशक्य वाटत असेल तर आपल्याच शहराकडे बघ. १९०६ साली भारतीय प्रमाणवेळ आली, तरी मुंबईत जुना 'बॉम्बे टाइम' पुढे कित्येक वर्षं चालू राहिला, प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे. अशा शहरात 'दहाला ये' म्हटलं की 'कुठल्या दहाला?' हे आलंच. असा प्रश्न पिढ्यान्‌पिढ्या रोज विचारावा लागला तर तो झिजून प्रत्यय होऊ शकतो. 'करतो आहे'चं 'करतोय' आपण असंच केलं. तेव्हा अक्षरं जुळवून प्रत्यय घडवू नकोस. आधी अख्खे शब्द घे, मग ते झिजव.

नावांबद्दलही सांगतो. 'दूरभूत', 'निकटभविष्य' असली नावं रूपांना चिकटवू नकोस. मोरो केशव दामल्यांच्या 'शास्त्रीय मराठी व्याकरणा'त (१९११) ताख्यात, लाख्यात, वाख्यात अशी क्रियापदाच्या 'त', 'ल', 'व' या प्रत्ययांवरून पडलेली नावं आहेत, आणि ती फार शहाणपणाची आहेत, कारण एकच रूप अनेक काळांची कामं करतं. लोकलमध्ये फोनवर बोलणाऱ्याकडे कान दे: 'दादर गेलं, आलोच मी.' 'गेलं' आणि 'आलो', दोन्ही लाख्यातं. दादर खरंच गेलंय. त्याला पोचायला मात्र अजून वीस मिनिटं आहेत. पलीकडच्याचा जराही घोटाळा होत नाही. तुझ्या भाषेत असं वाकडं वापरलेलं एक तरी रूप हवंच. त्याशिवाय ती कुणाच्या तोंडची वाटणार नाही.

भविष्याच्या सहा पायऱ्या केल्या आहेस, त्यात मला फारसं काही सापडलं नाही. हव्या तर ठेव.

पुढच्या खेपेला तक्ता पाठवू नकोस. त्या घरातलं एका संध्याकाळचं बोलणं पाठव, त्यांच्या भाषेत, खाली मराठी अर्थासकट. आजीच्या तोंडी जुनी, न झिजलेली रूपं घाल. मुलाची ती चूक राहू दे. निरोप येऊन पोचतो तिथपर्यंतच लिही. पुढचं आपण भेटून बोलू.

तुझा,
काका