मंगळवार कोणत्या रंगाचा, हे आईला विचार

प्रश्न : मावशी, मी १९ वर्षांची, वरुड तालुक्यातल्या खेड्यात राहते, बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. लहानपणापासून मला अक्षरांना रंग दिसतात. ‘क’ विटकरी, ८ गर्द हिरवा. संत्र्याला फुलोरा आला की वासासोबत कानात काहीतरी घुमतं. शाळेत सांगितलं तर पोरी हसल्या, तेव्हापासून गप्प आहे. मागच्या वर्षी गावात एक मंडळी आली. पाचही इंद्रियं एक करायची, रंग ऐकायचा, नाद चाखायचा, तेच मोक्षाचं दार, असं ते शिकवतात. आई पहिल्याच दिवशी तिथं ढसाढसा रडली. आता दर गुरुवारी जाते. साधनेआधी काढा देतात. तो पिऊन तिचं तोंड कोरडं पडतं, उजेड सोसत नाही, दुसऱ्या दिवशीही धूसर दिसतं. माझं कळल्यावर ते म्हणाले, ही जन्मसिद्ध आहे, कॉलेज सोडवून गादीवर बसवा. बाबा संत्र्याच्या आंबिया बहाराचे पैसे त्यांच्या मंडपाला द्यायला निघालेत. पण माझं खरं मानणारे हे पहिलेच, म्हणून नाही म्हणवत नाही.

उत्तर : बेटा, माझाही तुझ्यावर विश्वास आहे, आणि त्याबदल्यात मला तुझ्याकडून काही नको.

आधी काढ्याचं, कारण ते उद्यावर टाकण्यासारखं नाही. तोंड कोरडं, उजेड न सोसणं, धूसर दिसणं ही लक्षणं धोतऱ्याच्या विषबाधेतही दिसतात. धोतरा बांधावर उगवतो म्हणून साधा वाटतो, पण त्याच्या बियांनी माणूस भ्रमिष्ट होतो, जिवावरही बेततं. काढ्यात काय आहे ते मी इथे बसून सांगू शकत नाही. आईला ग्रामीण रुग्णालयात ने आणि डॉक्टरांना सगळं सांग. काढा घेतल्यावर ती बरळायला लागली, ओळखेनाशी झाली, तर १०८ ला फोन कर. तू स्वतः एक घोटही घेऊ नकोस.

आता तुझे रंग. याला सिनेस्थेशिया म्हणतात. ब्रिटिश शास्त्रज्ञ फ्रान्सिस गॉल्टन यांनी १८८० च्या सुमारास अशी माणसं शोधून त्यांच्या आकड्यांचे रंग लिहून ठेवले होते. २००६ साली ब्रिटनमध्ये झालेल्या एका पाहणीत शंभरातल्या साधारण चार जणांत याचा कोणता ना कोणता प्रकार आढळला. नोबेल मिळालेले भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमन यांनाही समीकरणांतली अक्षरं रंगीत दिसायची. हा आजार नाही. सिद्धीही नाही. तू साधना केली नाहीस, काढा प्यायली नाहीस, तरी ‘क’ विटकरीच होता ना? मग त्या मंडळींनी तुला दिलं काय? पडताळून पाहायचं असेल तर सगळ्या अक्षरांचे रंग वहीत लिही, वही मैत्रिणीकडे ठेव आणि सहा महिन्यांनी न पाहता पुन्हा लिही. ज्यांना खरंच असं दिसतं त्यांचे रंग बहुतेक जसेच्या तसे राहतात.

देवाचं नाव घेतलं जातंय, तर ज्ञानेश्वरीचा सहावा अध्याय काढ. सुरुवातीलाच मराठी बोलीचं कौतुक करताना माउली म्हणतात, हिच्या रसाळपणाच्या लोभानं कानांनाच जिभा फुटतील. शब्द खरा कानाचा, पण जीभ म्हणेल हा रस माझा, नाकाला वाटेल हा सुगंध माझा, आणि इंद्रियांत भांडण लागेल. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा कितीतरी वेळ तिथेच थांबले होते. एवढं सगळं दोन ओव्यांत सापडतं, त्यासाठी मंडप लागत नाही. आणि तुमच्याच जिल्ह्यातल्या शेंडगावचे गाडगेबाबा तर सांगायचे, मी कोणाचा गुरू नाही, माझा कोणी शिष्य नाही. एकोणीस वर्षांच्या पोरीला कॉलेज सोडवून गादीवर बसवायची घाई ज्यांना झाली आहे, त्यांच्याकडे मी याच नजरेनं पाहते.

बाबांशी पैशावरून तू एकटी भांडू नकोस. मामाला किंवा घरातल्या ज्याचं ते ऐकतात त्याला मध्ये घे. चमत्काराच्या नावावर पैसे कमावणं महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं गुन्हा आहे, हेही त्यांच्या कानावर जाऊ दे.

तुझ्या पत्रातलं एक वाक्य मात्र माझ्या मनातून जात नाही. आई पहिल्याच दिवशी रडली. तेव्हा काढ्याचा अंमल चढला होता की नव्हता, ते तू लिहिलं नाहीस. पण हे रंग पुष्कळदा एकाच घरात, आईकडून लेकीकडे आलेले दिसतात. तुला शाळेत पोरी हसल्या, तसं तिलाही कधी कुणी हसलं असेल. मग लग्न, बाग, फवारणी, चूल, यात तिला कुणी विचारलंच नसेल. आणि एके दिवशी भर सभेत कुणीतरी म्हणालं की नादाला रंग असतो. माझा हा अंदाज चुकीचाही असेल. पण खरा असेल, तर तुझी आई त्या मंडळींकडे जात नाही, ती त्या एका वाक्याकडे जाते. ते वाक्य तिला घरात मिळालं, तर गुरुवार सोडायला तिला जड जाणार नाही.

तेव्हा या गुरुवारी ती निघायच्या आधी भाजी निवडताना तिच्याजवळ बस. पंथाचं काही काढू नकोस. फक्त विचार, ‘माय, तुला मंगळवार कोणत्या रंगाचा दिसते?’ ती हसली, तर हसू दे. पण हातातली भाजी तशीच राहिली, तर तुझा मंगळवार कोणत्या रंगाचा ते तू आधी सांग.