पगार थकलाय, संस्था म्हणते अनुदान आलं नाही

प्रश्न : पुण्यात एका सरकारी अनुदानावर चालणाऱ्या संशोधन संस्थेत मी ग्रंथालय परिचर आहे, ११ वर्षं झाली. ८ महिने पगार नाही. विचारलं की अकाउंट्सवाले म्हणतात, अनुदान आलं की देऊ. मिसेसच्या पगारावर घर चाललंय, फ्लॅटचे दोन हप्ते बाऊन्स झालेत. केस टाकली तर नोकरी जाईल का? कोर्ट कुठलं?
(एक वाचक, कोथरूड)

उत्तर : दादा, अनुदान आलं नाही हे आधी डोक्यातून काढा, तो संस्था आणि सरकारमधला मामला आहे, तुम्ही काम केलंय आणि त्याचा पगार तुमचा आहे. बिहारमध्ये सरकारी महामंडळांतल्या लोकांचे पगार वर्षानुवर्षं थकले, उपासमारीने माणसं गेली, काहींनी जीव दिला, तेव्हा २००३ मध्ये कपिला हिंगोरानी केसमध्ये सुप्रीम कोर्टाने राज्य सरकारला हात झटकू दिले नाहीत, आधी ५० कोटी भरा म्हणाले. आंध्र सरकारने कोविडमध्ये लांबवलेला पगार २०२१ मध्ये ६ टक्के व्याजाने द्यायला लागला. (हायकोर्टाने १२ टक्के लावलं होतं, ते निम्मं झालं, असो.)

आता कुठं जायचं, आणि इथेच लोक घोळ घालतात. कुणीतरी सांगतं हायकोर्टात रिट टाका (म्हणजे सरकार किंवा सरकारी संस्थेविरुद्ध थेट हायकोर्टात अर्ज), पण मग संस्था पहिलाच मुद्दा काढते की आम्ही घटनेच्या कलम १२ मधलं 'राज्य' नाहीच, आणि नुसतं अनुदान मिळतं म्हणून कुणी 'राज्य' होत नाही, कारभारावर सरकारचा ताबा किती ते बघतात. आपल्या पाषाणची एनसीएल (राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा) ज्या सीएसआयआर या केंद्राच्या संशोधन परिषदेची, तिला १९७५ मध्ये सुप्रीम कोर्टाने 'राज्य' नाही म्हटलं होतं, ते बदलायला २००२ उजाडलं! शिवाय पुण्याची रिट मुंबईलाच, हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ ला सुरू झालं पण त्यात पुणे नाही.

तुमचं पद परिचराचं, म्हणजे कामगारात बसतं (शिक्षक असता तर नसतं बसलं, हा १९८८ चा निकाल आहे), त्यामुळे तुम्हाला स्वस्तातली वाट आहे, कामगार खात्याची. वाकडेवाडीला कामगार ऑफिसात जाऊन थकीत वेतनाच्या दाव्याची चौकशी करा. पूर्वीच्या कायद्यात महिना २४,००० पर्यंतच्याच पगाराला आणि १२ महिन्यांतच दावा होता, नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या वेतन संहितेत पगाराची ती अट गेली आणि मुदत ३ वर्षं झाली. तरी थांबू नका.

नोकरी जायची भीती खोटी नाही, म्हणून आधी कागद. पगार मागणारा साधा अर्ज द्या आणि तुमच्या कॉपीवर इनवर्ड नंबर, शिक्का घ्या, शिपाई 'ठेवा इथं' म्हणाला तरी हलू नका. आमच्या ओळखीच्या एक बाई रोज सही केली की हजेरीपटाच्या पानाचा मोबाइलवर फोटो काढायच्या, सगळे हसायचे, पुढे संस्थेने लेखी दिलं की त्या दोन महिने येतच नव्हत्या, मग त्या फोटोंनी तोंडं बंद केली, एका फोटोत तर हेडक्लार्कचा चहाचा कप आणि त्याचं बोटही आलं होतं.

प्रश्न : स्लिपवर पीएफ कापलेला दिसतो पण पासबुकात ७ महिने एंट्रीच नाही. (वाचक, हडपसर)

उत्तर : ताई, हे पगार थकण्यापेक्षा वाईट, कारण तुमचेच कापलेले पैसे भरले नाहीत. पुढच्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत ते भरायला लागतात, उशिराला वर्षाला १२ टक्के व्याज आणि वर दंड मालकाला, तुम्हाला नाही. स्लिपा आणि पासबुकाची प्रिंट घेऊन गोळीबार मैदानाच्या पीएफ ऑफिसात लेखी तक्रार द्या, आणि एकट्या जाऊ नका, आणखी दोघी-तिघींच्या स्लिपा असतील तर त्याही घेऊन जा.