वाचकांचे प्रश्न : लॉर्ड डफरिन, त्यांचे घर आणि त्यांची कारकीर्द

गेल्या अंकात लॉर्ड डफरिन (१८२६–१९०२) यांचा ओझरता उल्लेख आला आणि त्यावर वाचकांची बरीच पत्रे आली. हिंदुस्थानचे व्हाइसरॉय एवढीच त्यांची ओळख आपल्याकडे असते. पण बहुतेक पत्रांत त्यांच्या घराविषयी विचारणा आहे, आणि ती अगदी योग्य आहे. आई, पत्नी आणि आयर्लंडमधली कर्जात बुडत गेलेली जमीन या तिन्हींचा विचार केल्यावाचून या मुत्सद्द्याची कारकीर्द उलगडत नाही, असे माझे मत आहे.

प्रश्न : डफरिन हे व्हिक्टोरिया राणीचे ‘लॉर्ड-इन-वेटिंग’ होते असे वाचले. हे पद नेमके काय होते?

राणीच्या खासगी परिवारात उमरावांसाठी काही जागा असत, त्यांपैकी ही एक. आपली पाळी आली की राजवाड्यात हजर राहायचे, समारंभांत राणीच्या सोबत असायचे, तिच्या वतीने पाहुण्यांचे स्वागत करायचे, असे त्या कामाचे स्वरूप होते. ही नेमणूक सत्तेवरील पक्षाकडून होत असल्यामुळे मंत्रिमंडळ बदलले की माणसेही बदलत. डफरिन हे व्हिग, म्हणजे पुढे उदारमतवादी म्हणून ओळखल्या गेलेल्या पक्षाच्या बाजूचे. १८४९ मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी, ते प्रथम या पदावर आले. १८५२ मध्ये सरकार गेल्यावर दूर झाले आणि १८५४ ते १८५८ या काळात पुन्हा तेथे होते.

येथे एक बारकावा ध्यानात घ्यायला हवा. त्यांची वडिलोपार्जित पदवी आयर्लंडच्या उमरावांपैकी होती, आणि १८०० च्या विलीनीकरणाच्या कायद्यानंतर अशा उमरावांना लंडनच्या लॉर्ड्स सभागृहात आपोआप जागा मिळत नसे. त्यांच्यातून निवडलेले अठ्ठावीस जणच तेथे बसत. डफरिन यांना १८५० मध्ये बॅरन क्लँडेबॉय ही युनायटेड किंग्डमची पदवी मिळाली आणि सभागृहाचे दार उघडले. दरबारातला वावर, राणीची मर्जी आणि संसदेतली जागा या तिन्ही गोष्टी पंचविशीच्या आत पदरात पडल्यामुळे पुढच्या नेमणुकांची वाट मोकळी झाली. १८५५ मध्ये क्रिमियन युद्धाच्या तहाची बोलणी करण्यासाठी ब्रिटिश मंत्री लॉर्ड जॉन रसेल व्हिएन्नाला गेले, तेव्हा त्यांच्या पथकात डफरिन होते.

प्रश्न : आईच्या नावाने त्यांनी मनोरा बांधला, हे खरे का? त्यांच्या आईविषयी सांगावे.

खरे आहे, आणि माझ्या दृष्टीने त्यांच्या चरित्राचा गाभा येथेच आहे. त्यांची आई हेलन ही नाटककार रिचर्ड ब्रिन्स्ली शेरिडन यांची नात. ती आणि तिच्या दोघी बहिणी, लेखिका कॅरोलाइन नॉर्टन आणि पुढे सॉमरसेटच्या डचेस झालेल्या जॉर्जिआना, यांच्या सौंदर्याची आणि हजरजबाबीपणाची लंडनमध्ये ख्याती होती. बुद्धीचा आणि वाणीचा वारसा मोठा असला, तरी पैसा नव्हता. १८२५ मध्ये नौदलातील अधिकारी प्राइस ब्लॅकवुड यांच्याशी तिचे लग्न झाले, पण ब्लॅकवुड घराण्याला ही सून पसंत नव्हती. म्हणून नवदांपत्य इटलीला गेले, आणि २१ जून १८२६ रोजी फ्लॉरेन्स येथे फ्रेडरिकचा जन्म झाला. ते बाळंतपण हेलनच्या जिवावर बेतले होते. हेच तिचे एकुलते एक मूल.

१८४१ मध्ये वडील बोटीने आयर्लंडकडे येत असताना मॉर्फिनची मात्रा चुकून जास्त झाल्यामुळे वारले. ईटनमध्ये शिकणारा पंधरा वर्षांचा मुलगा पाचवा बॅरन डफरिन झाला, आणि त्याच्यासोबत उरली ती चौतिसाव्या वर्षी विधवा झालेली, स्वतः गीते रचणारी, विनोदबुद्धीची आई. दोघांचे नाते पुढे एखाद्या मैत्रीसारखे राहिले. १८५६ मध्ये ‘फोम’ नावाच्या शिडाच्या जहाजातून डफरिन आइसलंड आणि उत्तर ध्रुवाकडील यान मायेन व स्पिट्सबर्गेन या बेटांपर्यंत गेले. त्या सफरीचे त्यांचे गाजलेले पुस्तक म्हणजे आईला लिहिलेल्या पत्रांचा संग्रह आहे.

बेलफास्टजवळच्या क्लँडेबॉय या इस्टेटीतील टेकडीवर ‘हेलन्स टॉवर’ १८६१ मध्ये पुरा झाला. मुलाच्या एकविसाव्या वाढदिवशी आईने लिहून दिलेली कविता तेथे कोरून लावण्यात आली, आणि मनोऱ्यासाठी कवी टेनिसन यांनी आणि नंतर कवी ब्राउनिंग यांनीही ओळी लिहून दिल्या. पहिल्या महायुद्धात छत्तिसाव्या अल्स्टर डिव्हिजनच्या सैनिकांचे प्रशिक्षण याच इस्टेटीत झाले होते. त्यामुळे सोमच्या लढाईतील मृतांचे स्मारक म्हणून फ्रान्समध्ये तिएपव्हाल येथे १९२१ मध्ये जो मनोरा उभारला, तो याच मनोऱ्याच्या नमुन्यावर. हेलन १८६७ मध्ये कर्करोगाने गेली.

प्रश्न : एवढा मोठा जमीनदार आयुष्यभर परदेशी नोकऱ्या का करीत राहिला?

महत्त्वाकांक्षा होतीच, पण गरजही होती. डाउन परगण्यात त्यांची सुमारे १८,००० एकर जमीन होती. मात्र तिच्यावर जुनी देणी आणि गहाणाचे बोजे होते. त्यात क्लँडेबॉय येथील बांधकाम, तळ्यांची आणि उद्यानाची कामे, मेजवान्या, प्रवास यांची भर पडली. १८७० च्या दशकात त्यांना जमिनीचा मोठा भाग विकावा लागला.

जमीनदार म्हणून त्यांना जोखताना दोन गोष्टी एकत्र पाहाव्या लागतात. १८४७ मध्ये, विद्यार्थिदशेतच, ते दुष्काळाने उद्ध्वस्त झालेल्या आयर्लंडमधील स्किबरीन गावी गेले, तेथील हाल पाहून आल्यावर त्यांनी एक पुस्तिका लिहिली आणि भुकेल्यांसाठी पैसा उभा केला. हाच माणूस १८६० च्या दशकात कुळांच्या हक्कांचा प्रश्न पेटला तेव्हा जमीनदारांची बाजू हिरिरीने मांडताना दिसतो. त्यांची करुणा खरी होती; पण मालकीच्या हक्काला हात लागतो असे दिसले की ती तेथेच थांबे.

१८७२ मध्ये ते कॅनडाचे गव्हर्नर जनरल झाले. त्या पदाचा पगार कायद्यानेच वर्षाला १०,००० पौंड ठरलेला होता, आणि ओटावातील रिडो हॉलमध्ये डफरिन दांपत्याने नाचाचे दालन बांधून ज्या थाटात पाहुणचार केला, त्यासाठी तो अपुराच पडे.

प्रश्न : मुत्सद्दी म्हणून त्यांचे नेमके कौशल्य कशात होते?

समोरच्याचा मान राखून आपले काम साधण्यात. १८६० मध्ये लेबनॉन आणि दमास्कस येथे ख्रिस्ती लोकांच्या भीषण कत्तली झाल्या. त्यानंतर बसलेल्या आंतरराष्ट्रीय आयोगावर डफरिन ब्रिटनचे प्रतिनिधी होते. फ्रान्सचे सैन्य तेथे उतरलेले होते आणि ते कायमचे राहील अशी धास्ती होती. लेबनॉनचा कारभार ऑटोमन (तुर्की) सुलतानाने नेमलेल्या, परंतु स्थानिक नसलेल्या ख्रिस्ती गव्हर्नराकडे द्यावा अशी तडजोड १८६१ मध्ये निघाली, आणि ती घडवण्यात त्यांचा मोठा वाटा होता.

कॅनडातील एक प्रसंग त्यांचा स्वभाव दाखवतो. प्रांतापर्यंत रेल्वे आणण्याचे वचन पाळले गेले नाही म्हणून ब्रिटिश कोलंबिया प्रांत संतापलेला असताना १८७६ मध्ये ते तेथे गेले. व्हिक्टोरिया शहरात स्वागताच्या एका कमानीवर कॅनडातून फुटून निघण्याची धमकी लिहिलेली होती. राणीचा प्रतिनिधी त्या कमानीखालून गेला असता तर धमकी मान्य केल्यासारखे झाले असते. त्यांनी गाडी दुसऱ्या रस्त्याने नेली, आणि मग दिवसचे दिवस तेथील लोकांची गाऱ्हाणी ऐकून घेतली.

१८७९ मध्ये ते उदारमतवादी असूनही पंतप्रधान डिझरेली यांच्या प्रतिपक्षी सरकारने त्यांना सेंट पीटर्सबर्गला राजदूत म्हणून पाठवले. तेथून ते कॉन्स्टँटिनोपलला गेले. १८८२ मध्ये इजिप्तमध्ये ब्रिटिश फौज उतरली, तेव्हा तुर्की सैन्य तेथे येऊ नये अशी लंडनची इच्छा होती, पण सुलतानाला तसे तोंडावर सांगता येत नव्हते. डफरिन यांनी तुर्कांशी करायच्या लष्करी कराराचा मसुदा कलमामागून कलम काढून लांबवत नेला. सप्टेंबरमध्ये ब्रिटिशांनी इजिप्तमधील तेल-अल-केबीरची लढाई जिंकली आणि त्या कराराचे प्रयोजनच संपले. इजिप्तच्या लोकांच्या दृष्टीने ही परकीय अंमलाची सुरुवात होती, हे विसरून या चातुर्याचे कौतुक करता येत नाही.

प्रश्न : लेडी डफरिन यांचे स्थान केवळ यजमानीणबाईंचे होते का?

मुळीच नाही. हॅरिएट रोवन-हॅमिल्टन या शेजारच्या किलिले किल्ल्याच्या घराण्यातील. १८६२ मध्ये विवाह झाल्यावर डफरिन यांनी हॅमिल्टन हे नावही आपल्या आडनावात घेतले. परक्या राजधान्यांत घर उभे करणे, दरबारी शिष्टाचार सांभाळणे आणि सात मुलांचे संगोपन हे तर त्यांनी केलेच. शिवाय हिंदुस्थानात येताना राणीने त्यांच्यावर एक काम सोपवले होते, आणि त्यातून १८८५ मध्ये स्त्रियांना स्त्री-डॉक्टरांकडून उपचार मिळावेत यासाठी ‘डफरिन फंड’ या नावाने ओळखली गेलेली संस्था उभी राहिली. तिच्या मदतीने रुग्णालये, परिचारिका आणि वैद्यकीय विद्यार्थिनी यांची सोय झाली. पतीच्या व्हाइसरॉयपदाचे जे काही टिकले, त्यात हे काम मी पहिले मानतो.

प्रश्न : पॅरिसच्या हॉटेलातील लिफ्टची भुताटकीची गोष्ट खरी आहे का?

नाही. आयर्लंडमध्ये रात्री शवपेटी वाहणारा एक भेसूर माणूस डफरिन यांना दिसला, पुढे पॅरिसला राजदूत असताना तोच चेहरा लिफ्टमध्ये दिसल्यामुळे ते आत शिरले नाहीत आणि लिफ्ट कोसळली, अशी ही कथा आहे. पॅरिसच्या ग्रँड हॉटेलमध्ये लिफ्टचा प्राणघातक अपघात झाला तो १८७८ मध्ये; डफरिन तेथे राजदूत म्हणून गेले १८९१ मध्ये. तारखाच जुळत नाहीत.

प्रश्न : त्यांच्या पदवीत ‘आवा’ हे ब्रह्मदेशातील नाव कसे आले, आणि पुढे घराण्याचे काय झाले?

डफरिन व्हाइसरॉय असताना तिसरे ब्रह्मी युद्ध झाले आणि १ जानेवारी १८८६ रोजी उत्तर ब्रह्मदेश खालसा करण्यात आला. ज्या थिबा राजाला आणून रत्नागिरीत ठेवले, तो याच युद्धात पदच्युत झाला. १८८८ मध्ये डफरिन यांना ‘मार्क्विस ऑफ डफरिन अँड आवा’ ही पदवी मिळाली. आवा ही ब्रह्मदेशाची जुनी राजधानी.

रोम आणि पॅरिस येथील राजदूतपदे सांभाळून ते १८९६ मध्ये निवृत्त झाले. त्यानंतरची वर्षे वाचताना मन विषण्ण होते. पैशाची चणचण होती, म्हणून त्यांनी व्हिटेकर राइट या गृहस्थाच्या ‘लंडन अँड ग्लोब’ या खाणउद्योगातील कंपनीचे अध्यक्षपद घेतले. जानेवारी १९०० मध्ये थोरला मुलगा आर्चिबाल्ड लेडीस्मिथजवळ बोअर युद्धात जखमी होऊन वारला, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस कंपनी बुडाली. अध्यक्षांच्या नावावर विसंबून अनेकांनी पैसे गुंतवले होते. डफरिन यांचे स्वतःचेही मोठे नुकसान झाले होते. तरीही प्रकृती ढासळलेली असताना ते भागधारकांच्या संतप्त सभेला सामोरे गेले. राइटचे व्यवहार लबाडीचे होते हे पुढे न्यायालयात सिद्ध झाले. व्यापाराची समज नसताना त्यांनी ते पद घ्यायला नको होते. पण संकटकाळी ते पळाले नाहीत, हेही नोंदवले पाहिजे. १२ फेब्रुवारी १९०२ रोजी क्लँडेबॉय येथे त्यांचे निधन झाले.

पदवी दुसरा मुलगा टेरेन्स याच्याकडे गेली. चित्रकार असलेला आणखी एक मुलगा बेसिल १९१७ मध्ये महायुद्धात मारला गेला. टेरेन्सनंतर मार्क्विस झालेला धाकटा भाऊ फ्रेडरिक १९३० मध्ये केंटमधील विमान अपघातात गेला, आणि त्याचा मुलगा, चौथा मार्क्विस, मार्च १९४५ मध्ये ब्रह्मदेशातील लढाईत ठार झाला. ती जागा आजोबांच्या पदवीत आलेल्या आवापासून फार दूर नव्हती. पाचवे मार्क्विस १९८८ मध्ये निपुत्रिक वारल्यावर मार्क्विसची पदवी संपुष्टात आली. बॅरन डफरिन ही जुनी आयरिश पदवी मात्र ऑस्ट्रेलियात स्थायिक झालेल्या ब्लॅकवुड शाखेकडे गेली.