आधी झाड कोणते ते पाहा: दालचिनीविषयी वाचकांचे प्रश्न

यावेळची बरीच पत्रे दालचिनीविषयी आहेत आणि घोटाळा बहुतेकांचा एकाच जागी झाला आहे. ‘दालचिनी’ या एका नावाखाली बाजारात चार-पाच वेगळ्या झाडांची साल विकली जाते. खरी दालचिनी, म्हणजे सिनॅमोमम व्हेरम, श्रीलंकेच्या आणि दक्षिण सह्याद्रीच्या सदाहरित जंगलातली. तिचे कुळ लॉरेसी; कापूर आणि अव्होकॅडोही त्यातलेच.

दालचिनीच्या झाडाचे पान म्हणजेच तमालपत्र का? (पुणे)

नाही. तमालपत्राचे झाड वेगळे. ते हिमालयाच्या पायथ्याला आणि मेघालयात वाढते. दोन्ही पानांवर तीन ठळक शिरा असतात, म्हणून फसायला होते. दालचिनीचे पान चुरगळले की लवंगेसारखा वास येतो.

जूनमध्ये गोळा केलेले बी वाळवून डब्यात ठेवले आहे. दिवाळीनंतर पेरले तर चालेल का? (गुहागर)

ते आता उगवणार नाही. पिकलेल्या फळातले बी धुऊन लगेच पेरायचे असते.

व्हॉट्सॲपवर आलेल्या सल्ल्याप्रमाणे आई रोज सकाळी चमचाभर दालचिनी पूड कोमट पाण्यातून घेते. मधुमेहाच्या गोळ्या कमी कराव्यात का? (नाशिक)

गोळ्यांना हात लावू नका. दालचिनीने साखर उतरते का, यावर प्रयोग झाले आहेत, पण त्यांचे निष्कर्ष एकमेकांशी जुळत नाहीत. औषध सोडून तिच्यावर भिस्त ठेवावी असा पुरावा नाही.

मला त्याहून मोठी काळजी वाटते ती त्या चमच्यात कोणती साल आहे याची. दुकानात स्वस्त मिळणारी जाड, कडक, तपकिरी साल बहुधा कॅसियाची, म्हणजे दालचिनीच्या भाऊबंद झाडांची असते. ती चीन, व्हिएतनाम किंवा इंडोनेशियातून येते. या सालीत कुमारिन नावाचे द्रव्य असते आणि ते जास्त प्रमाणात, रोजच्या रोज पोटात गेले तर काही जणांच्या यकृताला बाधते. युरोपच्या अन्नसुरक्षा संस्थेने रोजची मर्यादा शरीराच्या दर किलो वजनामागे 0.1 मिलीग्रॅम धरली आहे, म्हणजे साठ किलोच्या माणसाला 6 मिलीग्रॅम. जर्मनीत तपासलेल्या कॅसिया पुडीत ग्रॅममागे सरासरी 3 मिलीग्रॅमच्या आसपास कुमारिन सापडले होते. म्हणजे दोन ग्रॅम पुडीतच मर्यादा गाठली, आणि चहाच्या एका चमच्यात त्याहून अधिक पूड मावते! खऱ्या दालचिनीत मात्र कुमारिन नावापुरते असते. मसालेभातात पडणाऱ्या तुकड्याने कोणाला काही होत नाही. प्रश्न रोजच्या चमच्याचा आहे.

ओळखायचे कसे? खऱ्या दालचिनीची साल कागदासारखी पातळ, फिकट तपकिरी असते. एकात एक गुंडाळलेले अनेक पदर दिसतात आणि कांडी बोटांनी मोडते. कॅसियाचा एकच जाड पदर असतो. पूड झाली की डोळ्यांनी काही कळत नाही. आपल्या अन्नविषयक नियमांत दालचिनी आणि कॅसिया वेगवेगळे पदार्थ आहेत, तरी एकाच्या नावावर दुसरे सर्रास खपवले जाते, याचा मला फार राग येतो. म्हणून पूड विकत घेऊच नका, कांड्या आणून घरी दळा. आणि आईंच्या डॉक्टरांना हा चमचा किती दिवस चालू आहे ते याच आठवड्यात सांगा. यकृताची तपासणी करायची का, ते तेच ठरवतील.

एका रोपवाटिकेने ‘दीड वर्षात साल, आम्हीच विकत घेऊ’ असे सांगून रोपे देऊ केली आहेत. माडाच्या बागेत लावू का? (मालवण)

जरूर लावा, पण या बोलीवर नाही. दीड वर्षात काढण्याजोगी साल मिळत नाही. तीन-चार वर्षे थांबावे लागते. मग खोड जमिनीलगत कापायचे, फुटव्यांतले चार-पाच राखायचे आणि पुढे साल त्यांचीच काढायची. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाची ‘कोकण तेज’ ही जात आहे, माडा-पोफळीच्या सावलीत चांगली येते. रोपे कोणत्या जातीची, मातृवृक्ष कुठले, हे लेखी मागा. विक्रेता टाळाटाळ करू लागला तर तिथून निघा. पैसे देण्याआधी विद्यापीठात किंवा रत्नागिरीजवळ भाट्ये येथील नारळ संशोधन केंद्रात एकदा विचारा.

दोन वर्षांपासून फांद्या शेंड्याकडून वाळत आहेत. फोटो पाठवत आहे, औषध सांगावे. (सावंतवाडी)

दोन वर्षे का थांबलात? फोटोवरून मी बुरशीनाशक सांगणार नाही. निचरा, मुळे, साल हे सगळे पाहावे लागते. वाळलेली फांदी हिरव्या भागापर्यंत कापा, कापलेले जाळून टाका आणि कृषी सहायकाला बागेत बोलवा.

गोडा मसाल्यातले नागकेशर दालचिनीचेच असते, हे खरे का? (ठाणे)

बरेचदा खरे. काळे नागकेशर म्हणून देठासकट जे बारीक दाणे मिळतात, ती बहुधा जंगली दालचिनीची वाळवलेली कच्ची फळे असतात. खरा नागकेशर वृक्ष निराळ्या कुळातला आहे. मसाल्याला चालते, औषधासाठी हवे असेल तर वैद्यांना माल दाखवल्याशिवाय घेऊ नका.

आमच्या डोंगरावर रानदालचिनीची जुनी झाडे आहेत. एक व्यापारी उभ्या झाडांची साल मागतो. द्यावी का? (आजरा)

देऊ नका. उभ्या खोडाची साल भोवताली सोलली की झाड मरते. बागेत आपण फुटवा कापून घेतो, म्हणून मूळ झाड जगते. डोंगर तुमच्या मालकीचा असो वा नसो, आधी वनक्षेत्रपालांना भेटा, आणि व्यापाऱ्याकडून आगाऊ रक्कम घेतली असेल तर ती परत करा.