आधी स्वतःच्या मनाची नोंद ठेव

तुझा घटस्फोट सुरू असताना थेरपिस्ट म्हणून नवरा-बायकोच्या नव्या केसेस घेऊ का, असं विचारलंस. सध्या तरी घेऊ नकोस. माझी आई गेली त्या वर्षी थेरपीसाठी माझ्यासमोर एक मुलगा बसायचा. आईला वृद्धाश्रमात ठेवावं का, या विचारात होता. 'अजून थोडं थांबून बघा,' असं मी त्याला तीनदा म्हटलं. तो रात्र-रात्र जागून थकला होता, ते मला ऐकूच आलं नाही. सुपरव्हिजनमध्ये, म्हणजे अनुभवी थेरपिस्टसोबत आपल्या केसेस तपासतो तिथे, नोंदी वाचताना रडू आलं, तेव्हा उमगलं.

क्लायंटमुळे थेरपिस्टच्या मनात उठणाऱ्या अशा भावनांना फ्रॉइडने १९१० मध्ये काउंटरट्रान्स्फरन्स म्हटलं, त्यावर मात करायला सांगितलं. मनोविश्लेषक पॉला हायमन यांनी १९५० मध्ये मांडलं की थेरपिस्टच्या मनात उठणारं क्लायंटबद्दलही काही सांगतं. मला दोन्ही पटतं. पण दुःख ताजं असताना त्यातलं आपलं कुठलं, समोरच्याचं कुठलं, हे एकटीला कळत नाही गं.

सेशन लांबायला लागलं, एखादीच्या नवऱ्याचा फारच राग आला, तर त्याच दिवशी लिहून काढ आणि सुपरव्हायझरशी बोल. चालू केसेस मात्र अचानक सोडू नकोस. दुसऱ्याकडे सोपवायच्या असतील तर आधी सांग, निरोपाला एक-दोन सेशन्स दे.